चौकशीचा ससेमिरा

'चौकशी' या शब्दाला मराठीत दोन अर्थच्छटा आहेत. पाहुण्याने घरच्या मंडळींची केली तर ती आपुलकी. ठाण्यातून निरोप आला की त्याच शब्दाने घर गप्प होते. 'चौकशीचा ससेमिरा' हा प्रयोग तर आपण वर्तमानपत्रांत नेहमीच वाचतो. सिंहासनबत्तीशीच्या परंपरेतील कथेत, विश्वासाने निजलेल्या अस्वलाला दगा देणारा राजपुत्र वेडा होऊन 'ससेमिरा' एवढीच अक्षरे बडबडत राहतो. म्हणजे कथेतला ससेमिरा दगा देणाऱ्याच्या वाट्याला येतो. व्यवहारात तो कोणाच्या वाट्याला येतो, हे आपल्याच राज्यातील एका खटल्यावरून पाहता येईल.

आमच्या जालन्याकडच्या खेड्यांत ठाण्याचे बोलावणे बहुधा तोंडीच येते : "साहेबांनी बोलावलंय." कायद्याची अपेक्षा वेगळी आहे. १९७३च्या फौजदारी प्रक्रिया संहितेच्या कलम १६०नुसार, तपास करणारा अधिकारी आपल्या किंवा लगतच्या ठाण्याच्या हद्दीतील माहीतगार व्यक्तीला बोलावू शकतो. पण लेखी आदेशाने. स्त्रियांना व पंधरा वर्षांखालील मुलांना तर राहत्या जागेखेरीज इतरत्र बोलावताच येत नाही.

या मर्यादेची आठवण सर्वोच्च न्यायालयाने १९७८ मध्ये ठामपणे करून दिली. ओरिसाच्या माजी मुख्यमंत्री आणि ओडिया लेखिका नंदिनी सत्पथी यांना १९७७ मध्ये कटकच्या दक्षता विभागाच्या ठाण्यात बोलावून लेखी प्रश्नावली देण्यात आली होती. त्यांनी उत्तरे नाकारली. ७ एप्रिल १९७८च्या निकालपत्रात न्या. कृष्ण अय्यर यांनी, स्त्रीला ठाण्यात बोलावणे हा कलम १६०चा भंग आहे, अशी कानउघाडणी केली.

त्याच वर्षी, १५ सप्टेंबरला, त्याच न्यायालयाने 'तुकाराम विरुद्ध महाराष्ट्र राज्य' या खटल्याचा निकाल दिला. प्रकरण होते तत्कालीन चंद्रपूर जिल्ह्यातील देसाईगंजचे. २६ मार्च १९७२च्या रात्री, भावाच्या तक्रारीवरून, मजुरी करणाऱ्या एका अनाथ आदिवासी मुलीला जबाबासाठी ठाण्यात आणले गेले. जबाब संपल्यावर इतरांना जायला सांगून तिला थांबवून घेतले, आणि ठाण्याच्या आवारातच अत्याचार झाला, असे तिचे म्हणणे होते. सत्र न्यायालयाने दोन्ही पोलिसांना सोडले. नागपूर खंडपीठाने १९७६ मध्ये दोषी ठरवले. सर्वोच्च न्यायालयाने पुन्हा निर्दोष मुक्त केले. अंगावर जखमा नाहीत, यावरून तिची संमती होती असा अर्थ काढण्यात आला.

१६ सप्टेंबर १९७९ रोजी उपेंद्र बक्षी, वसुधा धागमवार, रघुनाथ केळकर आणि लोतिका सरकार या कायद्याच्या चार अभ्यासकांनी सरन्यायाधीशांना खुले पत्र लिहिले. संमतीच्या प्रश्नामुळे ते गाजले. पण त्यातला दुसरा आक्षेप आपण विसरतो : त्या मुलीला मुळात ठाण्यात बोलावून थांबवून ठेवले, याविषयी निकालात निषेधाचा एक शब्दही नाही. सत्पथींच्या बाबतीत जे पाच महिन्यांपूर्वी आठवले, ते एका मजूर मुलीच्या बाबतीत आठवले नाही.

या पत्रानंतर उभ्या राहिलेल्या स्त्रियांच्या आंदोलनातून १९८३ची कायदादुरुस्ती आली. बेकायदा बोलावण्याला मात्र वेगळी शिक्षा ठरायला २०१३ साल उजाडले. भारतीय दंड संहितेत आलेल्या कलम १६६ अ नुसार, कायद्याने मनाई असताना जाणूनबुजून कोणाला तपासासाठी ठाण्यात यायला लावणाऱ्या लोकसेवकाला किमान सहा महिने सक्तमजुरी होऊ शकते. १ जुलै २०२४ पासून हीच तरतूद भारतीय न्याय संहितेच्या कलम १९९ मध्ये आहे. बोलावण्याचा अधिकार नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम १७९ मध्ये आहे. साठीपुढचे पुरुष, दिव्यांग आणि गंभीर आजारी यांनाही आता हे संरक्षण आहे. स्वेच्छेने ठाण्यात जाण्याची मुभाही त्यात आहे, आणि खरी मेख तिथेच आहे. दारात गणवेश उभा असताना स्वेच्छा कशी मोजायची?

तपासासाठी पोलिसांना माणसे बोलवावीच लागतात, आणि छळाची प्रत्येक तक्रार खरीच असते असेही नाही. म्हणून तर बोलावणे लेखी हवे. तो कागद नागरिकाच्या बाजूने पुरावा असतो आणि प्रामाणिक अधिकाऱ्याच्याही. सत्पथींना कायदा ठाऊक होता, वकील होता, आवाज होता. देसाईगंजच्या मुलीकडे यांपैकी काहीच नव्हते. "लेखी आदेश आहे का?" हा प्रश्न विचारण्याचे बळ सर्वांना मिळत नाही, तोवर या कलमाचा आधार ज्यांना सर्वांत जास्त हवा त्यांनाच तो सर्वांत कमी मिळत राहील.