धायबर, केशवराव

धायबर, केशवराव : मराठी व हिंदी चित्रपटांचे छायालेखक, दिग्दर्शक आणि प्रभात फिल्म कंपनीच्या संस्थापक भागीदारांपैकी एक. छायालेखक म्हणजे कॅमेरा, भिंगे व प्रकाशयोजना यांच्या साहाय्याने पटकथेला दृश्यरूप देणारा तंत्रज्ञ. मूकपट मागे पडून बोलपट रुजत असताना प्रभातच्या चित्रपटांना जी दृश्यशैली लाभली, तिच्या घडणीत धायबरांचा वाटा मोठा आहे.

त्यांची जडणघडण बाबूराव पेंटर यांच्या कोल्हापूर येथील महाराष्ट्र फिल्म कंपनीत झाली. पेंटरांनी स्वतः बनविलेल्या कॅमेऱ्यावर ‘सैरंध्री’ (१९२०) हा मूकपट चित्रित केला होता आणि ‘सिंहगड’ (१९२३) मध्ये केवळ सूर्यप्रकाशावर विसंबून न राहता कृत्रिम प्रकाशाचा उपयोग केला होता. त्यामुळे तेथे काम करणाऱ्यांना यंत्र, प्रकाश आणि चित्रकाराची दृष्टी यांचे शिक्षण एकाच छताखाली मिळत असे. याच कंपनीतून बाहेर पडून धायबर, वि. गो. दामले, सय्यद फत्तेलाल आणि व्ही. शांताराम यांनी सीतारामपंत कुलकर्णी यांच्या भांडवली साहाय्याने १ जून १९२९ रोजी कोल्हापुरात प्रभातची स्थापना केली. ‘खूनी खंजर’ व ‘रानीसाहेबा’ (दोन्ही १९३०) या मूकपटांचे दिग्दर्शन धायबर व शांताराम यांनी संयुक्तपणे केले.

मराठी व हिंदी अशा दोन्ही भाषांत निघालेला प्रभातचा पहिला बोलपट ‘अयोध्येचा राजा’ (१९३२) धायबरांनी चित्रित केला. ध्वनिमुद्रणामुळे छायालेखकावर नवी बंधने आली होती : मूकपटात हाताने फिरवल्या जाणाऱ्या कॅमेऱ्याचा वेग कमीअधिक करता येई, तर बोलपटात तो सेकंदाला २४ चौकटी असा स्थिर ठेवावा लागे, शिवाय यंत्राचा आवाज ध्वनिग्राहकात उमटू नये म्हणून कॅमेरा झाकून ठेवावा लागत असल्याने त्याच्या हालचालीही आखडल्या. प्रभातच्याच ‘सैरंध्री’ (१९३३) या पौराणिक बोलपटाच्या रंगीत प्रती जर्मनीत तयार करण्यात आल्या; रंगांचा परिणाम समाधानकारक नसला, तरी रंगीत भारतीय चित्रपटाच्या आरंभीच्या प्रयत्नांत त्याची गणना होते.

कंपनी पुण्यास आल्यानंतर निघालेला, शांताराम दिग्दर्शित ‘अमृतमंथन’ (१९३४) हे धायबरांच्या छायालेखनाचे सर्वांत लक्षणीय उदाहरण होय. बळीची प्रथा बंद करू पाहणारा राजा आणि तिला चिकटून राहिलेला राजगुरू यांच्यातील संघर्ष या चित्रपटात आहे. प्रारंभीच्या गुप्त बैठकीच्या दृश्यात राजगुरूची भूमिका करणाऱ्या चंद्रमोहन यांचा एकच डोळा संपूर्ण पडदा व्यापतो. त्यासाठी दूरवेधी, म्हणजे टेलिफोटो, भिंग वापरण्यात आले. हे भिंग लांबची वस्तू जवळ आणते आणि तिच्या मागचे-पुढचे तपशील धूसर करते, त्यामुळे प्रेक्षकाची नजर एका बिंदूवर खिळून राहते. भारतीय चित्रपटातील या भिंगाच्या आद्य प्रयोगांमध्ये या दृश्याचा उल्लेख केला जातो. मशालींचा उजेड, गडद सावल्या व उंच मूर्ती यांच्या मांडणीतून धर्मसत्तेचा धाक संवादाआधीच जाणवतो; जर्मन अभिव्यक्तिवादी चित्रपटांशी या प्रकाशयोजनेचे नाते स्पष्ट दिसते.

‘राजपूत रमणी’ (१९३६) चे दिग्दर्शन धायबरांनी स्वतंत्रपणे केले आणि त्यानंतर ते प्रभातमधून बाहेर पडले. प्रभातच्याच ‘संत तुकाराम’ (१९३६) व ‘कुंकू’ (१९३७) यांचे छायालेखन वि. अवधूत यांनी केले. त्यांतील साधा, वास्तवाशी जवळीक साधणारा प्रकाश हा धायबरांच्या नाट्यमय छायाप्रकाशाहून वेगळा आहे; परंतु प्रकाशातून पात्राची मनोवस्था सुचविण्याची दृष्टी दोघांतही समान आहे. प्रभातच्या पुण्यातील स्टुडिओच्या आवारात १९६० साली शासकीय चित्रपट प्रशिक्षण संस्था स्थापन झाली व तेथे छायालेखनाचे पद्धतशीर शिक्षण सुरू झाले. अशा शिक्षणाची कोणतीही सोय नसताना, कामातूनच शिकलेल्या पिढीचे धायबर हे एक अग्रगण्य प्रतिनिधी होत.