निसटलेला कागद आणि स्कॅट गायन

जॅझच्या इतिहासात एक आख्यायिका फार लाडकी आहे. २६ फेब्रुवारी १९२६ रोजी शिकागोत लुई आर्मस्ट्राँग आपल्या ‘हॉट फाइव्ह’ या वाद्यवृंदासह ‘हीबी जीबीज’ हे गीत ध्वनिमुद्रित करीत होते. शब्दांचा कागद हातून निसटला, मुद्रण थांबवणे परवडणारे नव्हते, म्हणून सुचतील ती निरर्थक अक्षरे त्यांनी गायली आणि स्कॅट गायन जन्मास आले. आर्मस्ट्राँग स्वतःही हा किस्सा सांगत असत.

आम्हांला तो पटत नाही. जीन ग्रीन यांच्या १९११ च्या आणि डॉन रेडमन यांच्या १९२४ च्या गायनात असे बोल आधीच आढळतात. शिवाय मूळ मुद्रिकेत आर्मस्ट्राँग आधी शब्द गातात, मग ते सोडतात आणि पुन्हा शब्दांकडे परततात; यात गोंधळ कोठेच जाणवत नाही. त्यांच्या कॉर्नेटवादनातील आघात आणि ठहराव त्या बोलांत जसेच्या तसे उमटतात.

मग अपघाताची कथा एवढी का रुजली? यूरोपातील आरंभीच्या काही समीक्षकांना कृष्णवर्णीयांच्या या संगीतात आदिम, अभ्यासाविना उसळणारी उत्स्फूर्तता दिसत होती. निसटलेला कागद या समजुतीस सोयीचा होता. कलावंताने स्वतः सांगितली म्हणून ती कथा निरुपद्रवी ठरत नाही. तिच्यात त्याचे कर्तृत्व योगायोगाच्या खाती जमा होते.

स्कॅटची भूल मात्र खरी आहे. १३ फेब्रुवारी १९६० रोजी बर्लिनमध्ये एला फिट्झजेराल्ड यांनी गायलेले ‘हाउ हाय द मून’ ऐकताना ती हमखास पडते. प्रारंभी शब्द येतात, नंतर सुमारे सात मिनिटांच्या त्या गायनाचा बहुतांश भाग बोलांनीच व्यापला जातो. अर्थ शोधण्याच्या कामातून कान मोकळा होतो. व्यंजनांचे आघात लय दाखवतात, स्वर नादाचा रंग बदलतात. खाली स्वरसंवादांचे तेच आवर्तन फिरत राहते आणि पुढचे वळण कोणते, याची उत्कंठा श्रोत्याला धरून ठेवते. ही गुंगी बेसावधपणाची नव्हे, पराकोटीच्या अवधानाची असते.

त्या गायनात मध्येच चार्ली पार्कर यांच्या ‘ऑर्निथॉलॉजी’ची धून येते. ती धून याच गीताच्या स्वरसंवादांवर रचलेली आहे, म्हणून तेथे चपखल बसते. महत्त्वाचे हे, की एला यांनी १९४७ मध्ये ध्वनिमुद्रित केलेल्या याच गीतातही ती आहे. बर्लिनमधील ‘आयत्या वेळच्या’ गायनामागे असा बारा वर्षांहून अधिक काळाचा व्यासंग उभा होता.

उत्स्फूर्तता म्हणजे तयारीचा अभाव, हा समज साहित्यविचारातही चिवट आहे. स्कॅटचा इतिहास त्याला पुरावा देत नाही. शब्द सोडण्याचे स्वातंत्र्य या गायकांना कागद पडल्याने लाभले नव्हते; सूर आणि लय पूर्णपणे हाती असल्यामुळेच त्यांना शब्द सोडता आले.