फाडायचा सदरा

पिंपरी कॅम्पात माझं शिलाईचं दुकान, वडिलांपासूनचं. गिऱ्हाईक बहुतेक सिंधी. फाळणीनंतर कुणी कराचीहून बोटीने, कुणी रेल्वेने सिंध सोडून आलेलं आणि शेवटी इथल्या निर्वासित वसाहतीत टेकलेलं. इथली हिंदुस्थान अँटिबायोटिक्स कंपनी 1954 साली निघाली, त्याच्या आधीपासून कॅम्प गजबजलेला, असं वडील सांगत.

पहिल्यांदा सांठीला गेलो तो एका अम्मांच्या आग्रहाने. लग्नाआधीचा विधी, आपल्या हळदीसारखा असेल असं वाटलं. नवरा मुलगा बसलेला, उजव्या पायात पैंजण. सात सवाष्णी त्याच्या डोक्यावर तेल घालत होत्या. तेल कानामागून मानेवर, मानेवरून सदऱ्यात. सदरा माझ्याच हातचा, चार दिवसांपूर्वीचा! मग उजव्या पायात नवा बूट चढवून त्याने मातीची पणती टाचेखाली फोडली, आणि त्यासरशी भावंडं तुटून पडली. कॉलर गेली, बाही गेली, खिसा गेला. मी दुहेरी टीप मारली होती, तरी बगलेत उसवलाच.

‘‘नजर उतर गई, मास्टर,’’ अम्मा हसत म्हणाल्या. या दिवशी जुने कपडे घालायचे असतात. पोराला कुणी सांगितलंच नव्हतं.

नवरी सासरी आली की दातार. ओंजळीतलं मीठ ती नवऱ्याच्या ओंजळीत देते, तो परत तिच्या, असं तीनदा. मग सासू-सासरे, दीर, नणंदा. कण सांडू द्यायचा नाही. आपली नवरी माप लवंडून तांदूळ सांडते, इथे मीठ जपायचं.

हवेल्या, जमिनी तिकडे राहिल्या. पण तेल, पणती, मीठ आणि जुना सदरा कुठल्याही कॅम्पात मिळतो, म्हणून हे विधी तगले, असं माझं शिंप्याचं मत. लिपीचं तसं झालं नाही. वडिलांच्या वेळी अरबी वळणाच्या, उजवीकडून वाचायच्या सिंधी पत्रिका यायच्या. 1967 साली सिंधीला घटनेच्या आठव्या अनुसूचीत जागा मिळाली, पण माझ्या दुकानात हल्ली येतात त्या पत्रिका इंग्रजी. लाडे, म्हणजे लग्नातली गाणी, म्हणणाऱ्या म्हाताऱ्याही कमी झाल्या. ती आता स्पीकरवर लागतात.

सांठीचं बोलावणं आलं तर जरूर जा. नवरा मुलगा नव्या सदऱ्यात दिसला, तर तेवढं त्याच्या कानात सांगा.