शरणपूरचे आफ्रिकी विद्यार्थी आणि लिव्हिंग्स्टन यांची अखेरची मोहीम

प्रस्तावना :
व्हिक्टोरियन काळातील आफ्रिकेच्या शोधमोहिमांचा इतिहास प्रामुख्याने लिव्हिंग्स्टन, स्टॅन्ली, बर्टन यांच्या नावांभोवती लिहिला गेला. या मोहिमा ज्यांच्या बळावर पार पडल्या, ते आफ्रिकी सहप्रवासी मात्र 'सेवक' म्हणूनच नोंदले गेले. प्रस्तुत लेखात नाशिकजवळील शरणपूर येथे शिकलेल्या अशा तरुणांच्या कार्याचा विचार केला आहे.

शरणपूर ते आफ्रिका :
ब्रिटिश आरमाराने गुलामांच्या जहाजांवरून सोडविलेली अनेक आफ्रिकी मुले मुंबईत आणली जात. त्यांपैकी काहींना चर्च मिशनरी सोसायटीच्या शरणपूर येथील केंद्रात इंग्रजीचे आणि हस्तव्यवसायांचे शिक्षण मिळाले. १८६५ मध्ये लिव्हिंग्स्टन यांनी येथील नऊ तरुण निवडले. मुंबईत डॉ. जॉन विल्सन यांच्या शाळेत शिकलेला चुमाही त्यांच्यासोबत गेला. १८७२ मध्ये जेकब वेनराइटसह शरणपूरची आणखी एक तुकडी मोहिमेत सामील झाली.

निर्णायक प्रवास :
मे १८७३ मध्ये आजच्या झांबियातील चितांबो यांच्या गावी लिव्हिंग्स्टन मरण पावले. सहप्रवाशांनी त्यांचे हृदय तेथेच पुरले. जेकबने प्रार्थना वाचली, झाडावर लेख कोरला आणि सामानाची यादी केली. देह मिठाने व उन्हाने सुकवून चुमा आणि सुसी यांच्या नेतृत्वाखाली हा तांडा समुद्राकडे निघाला. वाटेत व्हर्नी कॅमेरॉन या ब्रिटिश शोधप्रवाशाने देह तेथेच पुरण्याचा सल्ला दिला. तो त्यांनी मानला नाही. सुमारे १,६०० किलोमीटर चालून फेब्रुवारी १८७४ मध्ये ते बागामोयो येथे पोहोचले. देहाबरोबर लिव्हिंग्स्टन यांच्या टिपणवह्याही सुखरूप आल्या. १८ एप्रिल १८७४ रोजी वेस्टमिन्स्टर ॲबे येथील अंत्यविधीत जेकब शवपेटीच्या मानकऱ्यांत होता.

मूल्यमापन :
रॉयल जिऑग्राफिकल सोसायटीने या तांड्यासाठी ६० पदके तयार केली. त्यांवरील शब्दांत गौरव होता तो अखेरपर्यंतच्या निष्ठेचा. मार्गाचे ज्ञान, नेतृत्व आणि स्वतंत्र निर्णयशक्ती यांचा त्यांत उल्लेख नव्हता. वस्तुतः १८७४ मध्ये प्रसिद्ध झालेल्या लिव्हिंग्स्टन यांच्या अखेरच्या रोजनिशीच्या संपादनात चुमा आणि सुसी यांच्या साक्षीचा उपयोग झाला होता. जेकबची हस्तलिखित दैनंदिनी २०१९ मध्ये डिजिटल स्वरूपात प्रकाशित झाली. तिच्यामुळे या प्रवासाची हकीकत त्यातील एका आफ्रिकी सहभागीच्या शब्दांत अभ्यासकांना उपलब्ध झाली.

निष्कर्ष :
मोहिमेचा नेता मरण पावल्यानंतरही मोहीम पूर्ण झाली, हीच या सहप्रवाशांच्या कर्तृत्वाची साक्ष होय. १८७५ मध्ये मोंबासाजवळ फ्रिअर टाउन वसले. तेथेही 'बॉम्बे आफ्रिकन' म्हणून ओळखल्या जाणाऱ्या या समूहातील अनेकांनी कार्य केले. त्यांना शोधप्रवासी म्हणून स्थान दिल्याखेरीज आफ्रिकेच्या शोधमोहिमांचा, तसेच नाशिकच्या स्थानिक इतिहासाचा आलेख अपुरा राहतो.