आल्फ्रेड रोलर : ऑपेराच्या रंगमंचावर अंधार आणणारा माणूस

ऑपेरा म्हटलं की गायक आठवतात, फार तर संगीतकार. नेपथ्य कुणाचं, कपडे कुणी ठरवले, हे कोण विचारतंय? म्हणून आजचा भाग अशाच एका माणसावर. नाव आल्फ्रेड रोलर, जन्म 1864, आजच्या चेक प्रजासत्ताकातल्या ब्र्नो शहरातला.

रोलर मूळचा चित्रकार. 1897 साली क्लिम्ट वगैरे मंडळींनी व्हिएन्नात 'सेसेशन' हा बंडखोर कलाकारांचा गट काढला, त्यात हाही होता. पोस्टर करायचा, कलाशाळेत शिकवायचा. रंगभूमीचा अनुभव शून्य!

1902 मध्ये त्याची गाठ गुस्ताव माहलरशी पडली. माहलर तेव्हा व्हिएन्नाच्या दरबारी ऑपेराचा संचालक. त्यानं वॅग्नरच्या 'ट्रिस्टान आणि इझोल्डे'चं काम थेट या नवख्या माणसाकडे सोपवलं.

आता तेव्हाची पद्धत बघा. मागे रंगवलेला पडदा, बाजूला विंगा. जंगल हवं तर जंगलाचा पडदा, राजवाडा हवा तर राजवाड्याचा. आपल्या जुन्या संगीत नाटकांतही असंच असायचं. रोलरला गायकांच्या मागे टांगलेलं चित्र नको होतं, त्यांना वावरता येईल अशी जागा हवी होती. आणि त्या जागेत रंग भरायचा तो दिव्यांनी.

21 फेब्रुवारी 1903 ला प्रयोग झाला. पहिला अंक जहाजावरचा, पेटल्यासारखा नारिंगी-लाल. दुसरा प्रेमिकांच्या रात्रीचा, गडद जांभळा. तिसऱ्यात ट्रिस्टान मरणाच्या दारात, म्हणून सगळं करडं. जर्मन भाषा येत नसली तरी नुसत्या रंगावरून कळावं की आता काय चाललंय. स्वित्झर्लंडच्या आडोल्फ आपियानं प्रकाशाबद्दल असे विचार आधीच मांडले होते. पण एवढ्या मोठ्या ऑपेरात ते लोकांना दाखवले रोलर आणि माहलरनं.

मग 1904 चा 'फिडेलिओ'. त्यात कैदी अंधारातून चाचपडत, थोडे थोडे उजेडात येतात. 1905 च्या 'डॉन जोव्हानी'त तर रोलरनं रंगमंचाच्या दोन्ही बाजूंना बुरूज उभे केले आणि ते पूर्ण प्रयोगभर तिथेच ठेवले. बदलायचा तो फक्त मधला भाग. तेच बुरूज कधी घर वाटतात, कधी कबरस्तान.

पण ही जोडी टिकली नाही. माहलर जन्मानं ज्यू. वर्तमानपत्रांतली ज्यूद्वेषी टीका आणि इतर कटकटींना कंटाळून 1907 मध्ये तो बाहेर पडला. 1909 मध्ये रोलरनंही ऑपेरा सोडला.

काम मात्र थांबलं नाही. 1911 मध्ये ड्रेस्डेनला रिचर्ड स्ट्राउसचा 'डेर रोझेनकाव्हालियर' आला, त्यातल्या अठराव्या शतकातल्या व्हिएन्नाचे दिवाणखाने आणि पोशाख रोलरचे. ती डिझाइन्स छापली गेली आणि दुसऱ्या शहरांतही वापरली गेली. पुढे साल्झबुर्ग महोत्सव उभारणाऱ्यांतही तो होता.

आता जरा अवघड भाग. 1906 मध्ये व्हिएन्नात हाच 'ट्रिस्टान' बघणाऱ्यांत एक पोरगा होता, अडोल्फ हिटलर. 1908 मध्ये त्याला रोलरला भेटायची शिफारस मिळाली, पण दार ठोठवायचा धीर त्याला झाला नाही. तो पोरगा पुढे जर्मनीचा सर्वेसर्वा झाला आणि 1934 मध्ये त्याच्या पसंतीनं बायरॉइटच्या 'पार्सिफाल'चं काम रोलरकडे आलं. रोलरनं ते घेतलं. ज्या माणसानं त्याला रंगमंचावर आणलं तो ज्यू, आणि आता आश्रयदाता हिटलर! हे मला पचत नाही, आणि रोलर मोठा कलाकार होता म्हणून ते झाकावं असंही वाटत नाही.

तिथे जुने वॅग्नरभक्तही खवळले, कारण 1882 पासूनचं, खुद्द वॅग्नरनं पाहिलेलं नेपथ्य बदलत होतं. 1935 मध्ये रोलर वारला. 1937 मध्ये वॅग्नरचा नातू विलँड यानं रोलरच्या जागी स्वतःचं नेपथ्य आणलं.

आणि युद्धानंतर, 1951 मध्ये, याच विलँडनं 'पार्सिफाल' पुन्हा उभा केला. रंगमंच जवळजवळ रिकामा. फक्त अंधार आणि प्रकाश.

रोलरचे सेट आज राहिले नाहीत. पण पुढच्या वेळी एखाद्या नाटकात संवाद सुरू होण्याआधीच नुसत्या उजेडानं अंगावर काटा आला, तर हा भाग आठवा. भेटू पुढच्या भागात!