कुवेतचा खजूर : वाळवंटातल्या बागा आणि अर्दियाचं पाणी

मलिद्याच्या ताटात पोहे, ओलं खोबरं आणि फळांबरोबर खजूर असतोच. आपल्या आजोबांच्या काळात मुंबईत हा खजूर मुख्यतः बसऱ्याचा. शत्-अल्-अरब नदीकाठच्या बागांतला माल कुवेतची 'बूम' नावाची मोठी गलबतं मुंबईला आणत आणि परतताना सागवान, तांदूळ, मसाले नेत. त्या काळी कुवेतमध्ये व्यवहारात रुपयाच चाले. कुवेती दिनार आला १९६१ साली.

म्हणजे गलबतं कुवेतची, पण खजूर इराकचा. कुवेतमध्ये खजुराची झाडं होती ती जहरासारख्या विहिरींच्या ठिकाणी, आणि तीही थोडी. कारण एकच, पाणी. अलिबागेला वर्षाला २,००० मिलिमीटरहून जास्त पाऊस पडतो, तिथे कुवेतला जेमतेम ११० च्या आसपास. नदी तर एकही नाही. उन्हाळ्याचं म्हणाल तर २१ जुलै २०१६ ला मित्रिबा इथे ५३.९ अंश तापमान नोंदलं गेलं.

चित्र कसं बदललं

१९८० ते १९८८ च्या इराण-इराक युद्धात बसऱ्याकडच्या बागांची धूळधाण झाली. १९९०-९१ मध्ये इराकी ताब्यात कुवेतच्या शेतांचंही मोठं नुकसान झालं. त्यानंतर दक्षिणेला वफ्रा आणि उत्तरेला अब्दली या भागांत नव्याने लागवड झाली. कुवेतच्या वैज्ञानिक संशोधन संस्थेने ऊतीसंवर्धनाची रोपं तयार केली, म्हणजे चांगल्या झाडाच्या छोट्या तुकड्यापासून प्रयोगशाळेत वाढवलेली. बरही, खलास, सुक्करी या जाती लागल्या. तेव्हापासून उत्पादन कित्येक पटींनी वाढलं. आज कुवेतमध्ये फळ म्हणजे आधी खजूरच. डाळिंब, अंजीर, लिंबूवर्गीय फळं त्याच्या खूप मागे. बोरंही होतात, तिथे त्यांना 'कनार' म्हणतात.

खजुराची नर आणि मादी झाडं वेगळी. फेब्रुवारी-मार्चमध्ये माणूस झाडावर चढून नराचा फुलोरा मादीच्या फुलोऱ्यात हाताने बांधतो. एक नर पन्नासेक माद्यांना पुरतो. हे काम चुकलं तर वर्ष गेलं.

अर्दियाचा वाटा

अर्दिया ही कुवेत शहराजवळची वस्ती, घरं आणि कारखान्यांची. तिथे बागा नाहीत, पण बागांचं पाणी तिथून निघतं. शहराचं सांडपाणी अर्दियाच्या केंद्रात जमा होतं. तिथे गाळ-कचरा, वाळू आणि तेल काढून ते सुमारे २५ किलोमीटरच्या नळातून सुलैबियाला जातं. सुलैबियाचं केंद्र २००४-०५ च्या सुमारास सुरू झालं. रोज ३,७५,००० घनमीटर पाणी शुद्ध करण्याच्या क्षमतेचं ते बांधलं होतं. आपल्या स्वयंपाकघरात आर.ओ. असतं ना, तीच पद्धत, फक्त फार मोठ्या प्रमाणावर. हे पाणी पुढे वफ्रा आणि अब्दलीच्या शेतांना मिळतं. इस्राएलमधल्या आपल्या मंडळींना हे नवीन नाही. तिथेही अरावातल्या खजुराला शुद्ध केलेलं सांडपाणीच देतात.

पुढची काळजी

वफ्रा-अब्दलीच्या विहिरींचं पाणी मुळातच मचूळ, आणि जास्त उपशाने ते अधिक खारट झालं आहे. खजूर खारेपणा सोसतो, पण त्यालाही मर्यादा आहे. म्हणून शुद्ध केलेल्या पाण्यावरचा भार वाढतच जाणार. दुसरा शत्रू आपल्या ओळखीचा, कोकणातल्या माडाचं खोड पोखरणारा सोंड्या भुंगा. तो १९८० च्या दशकात आखातात पोचला. बाहेरून झाड हिरवं दिसतं आणि आतून पोकळ होतं, त्यामुळे उशिरा कळतं. आखाती देशांत यावर आजही खर्च होतो तो वेळेवर शोधण्यात आणि रोगट झाड काढून टाकण्यात.

कुवेतचा बराचसा खजूर तिथेच खपतो. मुंबईत जून-जुलैत हातगाडीवर मिळणारा पिवळा, कुरकुरीत ओला खजूर बहुधा कच्छचा. त्यातही बरही जात आहे, मूळची बसऱ्याकडचीच. ती पिवळी असतानाही तुरट लागत नाही. दोन-चार दिवस ठेवली की मऊ, तपकिरी होते. दात कमकुवत असतील त्यांनी तेव्हा खावी.