३०० शब्दांचा निबंध आणि १९०८ सालचं एक कलम

१९ मे २०२४ ची पहाट पुण्यातला कुठलाही आयटीवाला विसरलेला नसेल. कल्याणीनगरमध्ये अडीचच्या सुमारास एका पोर्शेने बाइकला उडवलं आणि चोविशीतले दोन इंजिनियर गेले. गाडी चालवणाऱ्याला अठरा पूर्ण व्हायला चार महिने बाकी होते. आजोबांनी हमी दिली आणि बाल न्याय मंडळाने त्याच दिवशी जामीन दिला. अटींमधली एक: रस्ते अपघातांवर ३०० शब्दांचा निबंध लिहायचा.

आमच्या कॅन्टीनमध्ये आठवडाभर दुसरा विषय नव्हता. शिव्या घालणाऱ्यांत मीपण होतोच. पण बग दिसला की सोर्स कोड बघायची खोड असते ना, तसं एका रविवारी कायदाच उघडून बसलो.

२०१५ च्या बाल न्याय कायद्याचं कलम १२. मुलाला जामीन द्यायचाच, मग गुन्हा जामीनपात्र असो वा नसो, जामीनदार असो वा नसो. नाकारायला कारणं तीनच: तो ओळखीच्या गुन्हेगारांच्या संगतीत जाईल, त्याला नैतिक, शारीरिक किंवा मानसिक धोका होईल, किंवा सोडल्याने न्यायाचा हेतूच विफल होईल. गुन्हा किती गंभीर आहे, हे त्या यादीत नाहीच! मला वाटलं, कुणीतरी विसरलं.

विसरलं नव्हतं. मागे मागे जात इंग्लंडच्या १९०८ च्या चिल्ड्रन ॲक्टपर्यंत पोचलो. तिथे कलम ९४ आहे. पकडलेल्या सोळा वर्षांखालच्या मुलाला लगेच कोर्टापुढे नेता येत नसेल, तर पोलिस अधिकाऱ्याने त्याला सोडावं. अपवाद तीन. नामचीन गुन्हेगार किंवा वेश्येच्या संगतीतून त्याला बाहेर काढायचं असेल तर, आणि न्यायाचा हेतू विफल होणार असेल तर, हे दोन ओळखीचे वाटले. पण त्यांच्याही आधी, यादीत पहिला: मनुष्यवध किंवा तसाच गंभीर गुन्हा.

म्हणजे तो अपवाद होता, आणि आपण तो काढून टाकला. आपल्याकडे १९६० साली केंद्रशासित प्रदेशांसाठी बाल कायदा झाला, त्यात बाकीचे दोन जवळपास तसेच आले, 'नैतिक धोका' नवा आला, आणि गंभीर गुन्हा गळला. १९८६ च्या कायद्यात तेच, २००० मध्ये तेच. २०१२ च्या दिल्लीच्या प्रकरणानंतर देश पेटलेला असताना २०१५ चा कायदा झाला, सोळा ते अठरामधल्यांवर अतिगंभीर गुन्ह्यात प्रौढांसारखा खटला चालवायची सोय झाली, पण जामिनाच्या कलमात तो जुना अपवाद तेव्हाही परत आला नाही. (काही निकालांमध्ये गांभीर्य 'न्यायाचा हेतू' या मागच्या दाराने आत येतं, ती गोष्ट वेगळी.)

का काढला असेल? पत्रकार शीला बर्से यांची सुप्रीम कोर्टातली याचिका वाचली की अंदाज येतो. देशभरच्या तुरुंगांत सोळा वर्षांखालची मुलं खितपत पडली होती. कोर्टाने १९८६ साली सांगितलं, मुलांना तुरुंगात ठेवू नका, खटले लवकर संपवा. त्याच वर्षी सगळ्या देशासाठी कायदा झाला. तोवर ज्या मुलांचा गुन्हा सिद्धच झालेला नाही, तीही आत बसून होती. जामीन म्हणजे सुटका नव्हे, आणि तो निबंधही शिक्षा नव्हता, ही साधी गोष्ट त्या आठवड्यात आमच्यापैकी कुणाच्याच डोक्यात आली नाही.

पुढे काय झालं ते तुम्हाला माहीतच आहे. लोक खवळले, २२ मेला मंडळाने मुलाला निरीक्षणगृहात पाठवलं, आणि २५ जूनला मुंबई हायकोर्टाने ते बेकायदा ठरवून त्याला आत्याच्या ताब्यात दिलं. कायद्याने बरोबर. तरी त्या दोघांच्या आईवडिलांसमोर बसून हे समजावून सांगायची माझी हिंमत होणार नाही.

असो. जाता जाता त्याच कलमाचं उपकलम ४ वाचलं. जामीन मिळूनही मुलाला सात दिवसांत त्याच्या अटी पाळता आल्या नाहीत, तर त्याला पुन्हा मंडळापुढे आणायचं, अटी बदलण्यासाठी. पोर्शेवाल्या घराला याची गरज पडली नाही. मोबाइल चोरताना सापडलेला, बाप गावाकडे आणि जामिनावर सही करायला शहरात कुणीच नाही, अशा पोरासाठी ते लिहिलंय.